चिप घडण्याआधी : सर्किट सिम्युलेशनमधले अभियंते

इलेक्ट्रॉनिक सर्किट प्रत्यक्ष बनवण्याआधी त्याची समीकरणे संगणकाकडून सोडवून घ्यायची आणि ते कसे वागेल हे पाहायचे, याला सर्किट सिम्युलेशन म्हणतात. सुटे भाग जोडून रेडिओ किंवा अँप्लिफायर तयार होत असे, त्या काळात याची फारशी निकड नव्हती. ब्रेडबोर्डवर सर्किट जुळवले, ऑसिलोस्कोप लावला, बिघडले तर एक रेझिस्टर काढून दुसरा लावला, एवढ्यावर काम भागत असे. सगळे भाग सिलिकॉनच्या एकाच तुकड्यावर येऊ लागले तेव्हा ही वाट बंद झाली. चिपमधला रेझिस्टर काढता येत नाही आणि आतल्या बहुतेक तारांपर्यंत प्रोब पोचत नाही. ब्रेडबोर्डवर तिची नक्कल करूनही उपयोग नसतो. ब्रेडबोर्डच्या दोन शेजारच्या पट्ट्यांमध्येच काही पिकोफॅरड कपॅसिटन्स असतो, तर चिपमधल्या एखाद्या जोडबिंदूचा सगळा कपॅसिटन्स काही फेम्टोफॅरड, म्हणजे हजारपटीने कमी भरतो. मोजायच्या वस्तूपेक्षा ती ठेवायचे भांडेच जड होते. शिवाय चिपमध्ये एक बदल करायचा म्हणजे नवे मास्क, नव्या वेफर, मोठा खर्च आणि काही महिन्यांची वाट. म्हणून आज कोणतीही चिप फॅबकडे, म्हणजे चिप बनवणाऱ्या कारखान्याकडे, जाण्याआधी सिम्युलेशनच्या चाळणीतून जाते. ही चाळणी विणणारे, तपासणारे आणि वापरणारे अभियंते बाहेर फारसे दिसत नाहीत.

भारतात या व्यवसायाच्या दोन बाजू दोन ठिकाणी ठळकपणे पाहता येतात. समीकरणे सोडवणारा सॉल्व्हर लिहिण्याचे काम मुंबईत आयआयटीच्या पवई संकुलात झाले. त्या समीकरणांत सिलिकॉनचे खरे आकडे भरण्याचे काम चंदीगडला लागून असलेल्या मोहालीत चालते.

आधी मोहालीचा शेजार पाहू. चंदीगडच्या उत्तर टोकाला, सेक्टर १ मध्ये, ल कॉर्बुझिए यांनी आखलेला कॅपिटल कॉम्प्लेक्स आहे. सचिवालय, विधानसभा आणि उच्च न्यायालय या त्याच्या तीन मुख्य इमारती. २०१६ मध्ये त्याचा युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत समावेश झाला. इमारती उभ्या राहण्याच्या आधी कॉर्बुझिए यांच्या पॅरिसच्या कचेरीत, इंजिनिअरिंग शिकलेले यानिस झेनाकिस यांच्या सहभागाने, हवामानाचा एक मोठा तक्ता तयार झाला होता. एका बाजूला वर्षाचे महिने, दुसऱ्या बाजूला तापमान, आर्द्रता, वारा आणि उष्णतेचे उत्सर्जन, आणि जिथे माणसाला त्रास होईल तिथे बांधकामात काय उपाय करायचा याची नोंद, असे त्याचे स्वरूप होते. काँक्रीट ओतण्याआधी चंदीगडचा जून आणि जानेवारी कागदावर मांडून पाहण्याची ही शिस्त सर्किट सिम्युलेशन करणाऱ्या कोणालाही लगेच ओळखीची वाटेल. कॅपिटल कॉम्प्लेक्सपासून जवळच, सेक्टर १२ मध्ये, पंजाब इंजिनिअरिंग कॉलेज आहे. १९२१ मध्ये लाहोरच्या मुघलपुऱ्यात सुरू झालेली ही संस्था फाळणीनंतर आधी रुरकीला आणि १९५३ मध्ये चंदीगडला आली. दहा-बारा किलोमीटर नैर्ऋत्येला, चंदीगडचेच सेक्टरचे आकडे पुढे चालवणाऱ्या मोहालीत, सेक्टर ७२ मध्ये सेमी-कंडक्टर लॅबोरेटरी, म्हणजे एससीएल, आहे. भारत सरकारची सिलिकॉन चिप बनवणारी ही फॅब.

सर्किट सिम्युलेशनच्या सॉफ्टवेअरचा उगम मात्र अमेरिकेत, कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या बर्कली संकुलात आहे. १९६९-७० च्या सुमारास रॉन रोहरर यांनी तिथे एक वर्ग घेतला. विद्यार्थ्यांनी मिळून सर्किट सोडवणारा प्रोग्रॅम लिहायचा आणि तो चांगला झाला की नाही हे डोनाल्ड पेडरसन यांनी ठरवायचे, अशी परीक्षेची अट होती. त्या विद्यार्थ्यांमध्ये लॅरी नेगल होते. वर्गातून निघालेल्या प्रोग्रॅमचे नाव होते कॅन्सर, म्हणजे ‘कॉम्प्युटर अ‍ॅनालिसिस ऑफ नॉनलिनियर सर्किट्स, एक्स्क्लुडिंग रेडिएशन’. त्या वेळच्या अनेक सिम्युलेटरना संरक्षण खात्याचा पैसा होता आणि किरणोत्सर्गात सर्किट कसे टिकेल हे मोजणे त्यांचे काम होते. बर्कलीच्या मुलांनी ते काम घेतलेले नाही, हे नावातच सांगून टाकले होते. पुढे नेगल यांनी पेडरसन यांच्या हाताखाली त्याचे नवे रूप घडवले. १२ एप्रिल १९७३ रोजी कॅनडातल्या वॉटर्लू इथे भरलेल्या परिषदेत पेडरसन यांनी ते ‘स्पाइस’ या नावाने मांडले. १९७५ मध्ये स्पाइस-२ आले, तोच नेगल यांच्या पीएचडीचा विषय. १९८९ मध्ये टॉमस क्वार्ल्स यांनी सी भाषेत लिहिलेले स्पाइस-३ आले.

पेडरसन यांचा एक निर्णय तांत्रिक कामगिरीइतकाच मोलाचा ठरला. प्रोग्रॅमचा सोर्स कोड विद्यापीठाने जवळजवळ फुकट वाटला, आणि कंपन्यांनी त्यात सापडलेल्या चुका आणि केलेल्या सुधारणा परत आणून द्याव्यात अशी अपेक्षा ठेवली. बर्कलीतून बाहेर पडणारे विद्यार्थीही तो आपल्यासोबत नव्या नोकरीत नेत. त्यामुळे स्पाइस पाहतापाहता सगळ्या उद्योगाची समान भाषा झाली. एचस्पाइस, पीस्पाइस, एलटीस्पाइस ही पुढची व्यापारी आणि मोफत रूपे त्याच वंशातली. आज खुल्या स्वरूपात सर्वाधिक वापरले जाणारे एनजीस्पाइस तर थेट स्पाइस-३ वरून पुढे आले आहे. १९९८ मध्ये पेडरसन यांना आयईईईचे मेडल ऑफ ऑनर मिळाले ते याच कामासाठी. नेगल बर्कलीहून बेल लॅबोरेटरीजमध्ये गेले आणि तिथे ‘अ‍ॅडव्हाइस’ नावाच्या अंतर्गत सिम्युलेटरवर काम करत राहिले. विद्यार्थी असताना हाती घेतलेला एकच प्रश्न माणसाला आयुष्यभराचे काम देऊ शकतो, असे हे क्षेत्र आहे.

सिम्युलेटरच्या पोटात काय चालते, हे एका लहान सर्किटवरून समजते. पाच व्होल्टची बॅटरी, एक किलोओहमचा रेझिस्टर आणि एक सिलिकॉन डायोड ओळीने जोडले आहेत. रेझिस्टरमधून जितका करंट जातो तितकाच डायोडमधून जायला हवा, हा किर्चहॉफचा नियम. रेझिस्टरचे गणित सरळ आहे: व्होल्टेज दुप्पट तर करंट दुप्पट. डायोडचे तसे नाही. खोलीच्या तापमानाला त्याचे व्होल्टेज सुमारे ६० मिलिव्होल्टने वाढले की करंट दहापट होतो. असे समीकरण एका झटक्यात सुटत नाही. न्यूटन-रॅफसन पद्धतीने आधी अंदाज करावा लागतो, त्या अंदाजापाशी वक्राला स्पर्शरेषा काढावी लागते, तिच्यावरून सुधारलेला अंदाज, पुन्हा स्पर्शरेषा, असे उत्तर स्थिर होईपर्यंत करत जावे लागते. स्पाइसमधल्या डायोडच्या गृहीत आकड्यांनी या सर्किटचे उत्तर येते डायोडवर ०.६९ व्होल्ट आणि ४.३ मिलिअँपिअर करंट.

पण पहिला अंदाज एक व्होल्टचा धरला तर त्याच सूत्राने डायोडचा करंट येतो सुमारे ६३० अँपिअर. पाच व्होल्टचा धरला तर एकावर सत्तर शून्ये इतके अँपिअर. एक व्होल्टपासून निघालेली गणना दर फेरीत जेमतेम २६ मिलिव्होल्ट खाली सरकते. पाच व्होल्टपासून निघालेलीला त्याच चालीने कितीतरी जास्त फेऱ्या लागतात. म्हणून प्रत्येक सिम्युलेटरमध्ये एका फेरीत डायोडचे व्होल्टेज किती हलू द्यायचे याला लगाम घातलेला असतो. तरीही उत्तर जुळले नाही तर इतर युक्त्या आहेत: सगळे सप्लाय शून्यापासून हळूहळू चढवायचे, किंवा प्रत्येक जंक्शनला एक बारीकशी वाहकता तात्पुरती जोडून ती पायरीपायरीने काढून घ्यायची. पाठ्यपुस्तकातल्या न्यूटन-रॅफसनमध्ये या गोष्टी नसतात. त्या ज्यांनी अडखळणारी हजारो सर्किटे पाहिली त्यांच्या अनुभवातून आल्या आहेत, आणि सिम्युलेटर लिहिणाऱ्याचे खरे कौशल्य इथेच दिसते.

एका डायोडऐवजी दहा हजार जोडबिंदूंचे सर्किट घेतले, तर तेवढीच समीकरणे एकत्र सोडवावी लागतात. त्यांची मॅट्रिक्स पूर्ण लिहिली तर दहा कोटी घरांची होईल. पण सर्किटमधला एक बिंदू सहसा दोन-चार शेजाऱ्यांनाच जोडलेला असतो, त्यामुळे बहुतेक घरे शून्य असतात. ती शून्ये साठवायची नाहीत, त्यांच्याशी गणितही करायचे नाही, आणि ओळींचा क्रम असा लावायचा की सोडवताना नवी भरलेली घरे कमीत कमी तयार व्हावीत. या विरळ मॅट्रिक्सच्या तंत्रामुळे मोठी सर्किटे आवाक्यात आली. याच्या वर काळाचा हिशेब असतो. कपॅसिटर आणि इंडक्टरमुळे सर्किटला आठवण असते, म्हणून सिम्युलेटर वेळेचे बारीक तुकडे करून एकेक पाऊल पुढे जातो. सिग्नल शांत असेल तिथे मोठी पावले, झपाट्याने बदलत असेल तिथे पिकोसेकंदांची. पाऊल आखडता आखडता ठरलेल्या मर्यादेखाली गेले की सिम्युलेटर हात टेकतो आणि पडद्यावर ‘टाइमस्टेप टू स्मॉल’ हा संदेश येतो. या क्षेत्रात नोकरी करणाऱ्या प्रत्येकाच्या तो ओळखीचा आहे.

उत्तर ‘जुळले’ असे कधी म्हणायचे, हेही माणसाने ठरवलेले असते. स्पाइसमध्ये मूळची सापेक्ष सूट हजारात एक आहे, व्होल्टेजसाठी किमान मर्यादा एक मायक्रोव्होल्ट, करंटसाठी एक पिकोअँपिअर. घरगुती पॉवर सप्लायला एवढी अचूकता पुष्कळ झाली. पण श्रवणयंत्रातल्या किंवा हृदयाच्या ठोक्यांचे सिग्नल वाचणाऱ्या चिपमध्ये काही पिकोअँपिअरचाच व्यवहार असेल, तर हीच सूट चुकीचे उत्तर बरोबर म्हणून पुढे करू शकते. नवशिक्या अभियंत्याला पडद्यावरचा गुळगुळीत आलेख पुरेसा वाटतो. अनुभवी माणूस आधी सूट दहापटीने घट्ट करून तेच सर्किट पुन्हा चालवतो. आलेख हलला, तर पहिल्या उत्तरावर त्याचा विश्वास उरत नाही.

इथवर सगळे गणित झाले. पण डायोडचे किंवा ट्रान्झिस्टरचे जे सूत्र सिम्युलेटर सोडवतो, त्यातले आकडे कुठून येतात? ते मोजमापातून येतात, आणि मोजमाप फॅबशिवाय होत नाही. इथे मोहालीचे महत्त्व आहे.

एससीएलची सुरुवात १९७६ मध्ये सेमीकंडक्टर कॉम्प्लेक्स लिमिटेड या सरकारी कंपनीच्या रूपात झाली. अमेरिकन मायक्रोसिस्टिम्स या कंपनीकडून घेतलेल्या पाच मायक्रॉनच्या तंत्रज्ञानावर १९८४ मध्ये उत्पादन सुरू झाले. फेब्रुवारी १९८९ मध्ये लागलेल्या आगीत फॅब जळून गेली. त्या काळात जगातली चिप भराभर लहान होत होती, आणि नेमकी तीच वर्षे भारताच्या हातून गेली. या नुकसानीचे मोल पैशात सांगता येत नाही, कारण फॅबबरोबर ती चालवत राहण्याचा सलग अनुभवही तुटतो. पुन्हा उभी राहिलेली संस्था २००६ मध्ये अंतराळ विभागाखाली आली आणि तिचे नाव सेमी-कंडक्टर लॅबोरेटरी झाले. आता ती इलेक्ट्रॉनिक्स आणि माहिती तंत्रज्ञान मंत्रालयाकडे आहे. तिथे १८० नॅनोमीटरच्या सीमॉस तंत्रज्ञानाची, आठ इंची वेफरची लाइन आहे. मोबाइल फोनमधल्या प्रोसेसरच्या तुलनेत १८० नॅनोमीटर जुने आहे. पण सेन्सर, पॉवर कंट्रोल, अ‍ॅनालॉग सर्किटे आणि अंतराळातली उपकरणे यांना ते चांगले पुरते.

अशा फॅबमध्ये वेफरवर खऱ्या चिपसोबत चाचणीचे सुटे ट्रान्झिस्टर मुद्दाम बनवलेले असतात: लांब, आखूड, रुंद, अरुंद. त्यांच्यावर सुया टेकवून, वेगवेगळ्या तापमानांना, करंट आणि व्होल्टेजचे वक्र मोजले जातात. मग त्या मोजमापांशी सूत्र जुळावे म्हणून सूत्रातले आकडे निश्चित केले जातात. बर्कलीतूनच आलेल्या बीसिम कुळातली ट्रान्झिस्टरची सूत्रे आज जगभर प्रमाण मानली जातात आणि त्यांत असे शेकडो आकडे असतात. हे काम करणाऱ्याला मॉडेलिंग इंजिनिअर म्हणतात. त्याला सेमीकंडक्टरचे भौतिकशास्त्र लागते, मोजण्याच्या यंत्राचा हात लागतो, आणि कोणता आकडा निसर्गाने दिला आहे आणि कोणता वक्र जुळवण्यासाठी ओढूनताणून आणला आहे, हे ओळखण्याची नजर लागते. मॉडेल, लेआउटचे नियम आणि तपासणीच्या फाइली मिळून जो संच तयार होतो, त्याला पीडीके म्हणतात. चिप डिझाइन करणारा मोहालीला कधी गेला नसला, तरी त्याच्या संगणकावर फॅब येते ती या पीडीकेच्या रूपाने. मॉडेल चुकीचे असेल तर जगातला सर्वांत अचूक सॉल्व्हरही चुकीचेच उत्तर देणार, फक्त दशांशानंतर अधिक आकड्यांनिशी.

दोन वेफर कधी तंतोतंत सारख्या निघत नाहीत, म्हणून मॉडेलही एक नसते. एनमॉस आणि पीमॉस ट्रान्झिस्टर नेहमीचे, दोन्ही वेगवान, दोन्ही मंद, एक वेगवान आणि दुसरा मंद, असे पाच प्रकार धरतात. त्यांना डिझाइनर ‘कॉर्नर’ म्हणतात. १.८ व्होल्टचा सप्लाय दहा टक्के खाली-वर धरला की १.६२, १.८ आणि १.९८ असे तीन. तापमान उणे ५५, २५ आणि १२५ अंश सेल्सिअस, असे तीन. पाच गुणिले तीन गुणिले तीन, म्हणजे एकाच सर्किटचे ४५ रन. शेजारशेजारच्या दोन ट्रान्झिस्टरमधला फरक तपासायचा तर मॉन्टे कार्लो पद्धतीने याच्यावर आणखी शेकडो रन लावावे लागतात. संध्याकाळी रन लावून सकाळी निकाल पाहणे, हा डिझाइन कार्यालयांतला नित्यक्रम यातूनच आला.

अंतराळासाठी चिप करताना बर्कलीच्या मुलांनी वगळलेला किरणोत्सर्ग परत आत घ्यावा लागतो. जोराने आलेला एक भारित कण ट्रान्झिस्टरमधून गेला की त्याच्या वाटेवर क्षणभर विद्युतभार मोकळा होतो, आणि मेमरीतला शून्य एक होऊ शकतो. सर्किट सिम्युलेटरमध्ये हा आघात दाखवायचा तर त्या जोडबिंदूला एक कृत्रिम करंट स्रोत जोडतात. तो झटकन चढतो आणि त्यामानाने सावकाश उतरतो. किती भारापर्यंत मेमरीचा घटक आपला आकडा टिकवून धरतो हे पाहायचे, आणि तेवढे पुरत नसेल तर सर्किटच बदलायचे. इस्रोच्या विक्रम साराभाई स्पेस सेंटरने मोहालीच्या फॅबसोबत केलेले विक्रम मालिकेचे प्रोसेसर प्रक्षेपकांसाठी आहेत. सोळा बिटांचा विक्रम १६०१ हा २००९ पासून इस्रोच्या प्रक्षेपकांमध्ये वापरला जातो. बत्तीस बिटांचा विक्रम ३२०१ मार्च २०२५ मध्ये एससीएलकडून इस्रोच्या हाती आला. मुंबई आणि मोहाली यांचाही थेट संबंध आहे. आयआयटी मुंबईतल्या उदयन गांगुली यांच्या गटाने एससीएलसोबत १८० नॅनोमीटरच्या लाइनवर देशी मेमरी तंत्रज्ञान उभे केले, त्याची घोषणा २०२१ मध्ये झाली.

मुंबईतल्या सॉल्व्हरची गोष्ट वेगळ्या गरजेतून सुरू होते. महेश बी. पाटील १९८४ मध्ये आयआयटी मुंबईतून इलेक्ट्रिकल इंजिनिअरिंगचे बीटेक झाले. अमेरिकेत युनिव्हर्सिटी ऑफ सदर्न कॅलिफोर्नियातून एमएस आणि १९९२ मध्ये इलिनॉय विद्यापीठातून पीएचडी करून ते परतले. १९९४ पासून १९९९ पर्यंत ते आयआयटी कानपूरला होते आणि त्यानंतर आयआयटी मुंबईत. त्यांनी घडवलेल्या सिम्युलेटरचे नाव सीक्वेल. स्पाइसमध्ये नवा घटक घालायचा तर प्रोग्रॅमच्या आत शिरावे लागत असे. सीक्वेलमध्ये वापरणारा आपल्या घटकाची समीकरणे स्वतः लिहून देतो आणि सॉल्व्हर ती बाकीच्यांसोबत सोडवतो. तो घटक ट्रान्झिस्टर असू शकतो, इंडक्शन मोटर असू शकते किंवा कंट्रोलरचा एखादा ठोकळाही.

पॉवर इलेक्ट्रॉनिक्सला हे फार सोयीचे आहे. इन्व्हर्टरमधला स्विच मायक्रोसेकंदात चालू-बंद होतो, तर त्याच्यावर चालणारी मोटर वेग घ्यायला काही सेकंद लावते. दोन्ही एकाच रनमध्ये पाहायचे आणि स्विचच्या आतले सगळे भौतिकशास्त्रही सोडवायचे म्हटले, तर गणना संपता संपत नाही. स्विच चालू असताना लहान रेझिस्टर, बंद असताना मोठा, एवढेच धरले तरी मोटर कशी चालेल याचे उत्तर बरोबर येते. कुठे किती तपशील सोडायचा हा निर्णय अभियंत्याचा, आणि तो शिकवणे कठीण असते. पाटील यांनी व्ही. रामनारायणन आणि व्ही. टी. रंगनाथन यांच्यासोबत पॉवर इलेक्ट्रॉनिक सर्किटांच्या सिम्युलेशनवर लिहिलेले पुस्तक २००९ मध्ये आले. एनपीटीईएल या ऑनलाइन शिक्षणाच्या मंचावरचा त्यांचा बेसिक इलेक्ट्रॉनिक्सचा अभ्यासक्रम देशभरातल्या विद्यार्थ्यांना उपलब्ध आहे. पुढे त्यांनी आणि सहकाऱ्यांनी जीसीम हा खुला सिम्युलेटरही आणला. विकसित देशांतल्या कंपन्यांची महागडी पॅकेजेस उपलब्ध असताना स्वतःचा सॉल्व्हर पहिल्या ओळीपासून लिहिणे काहींना अनावश्यक वाटेल. पण ते करणाऱ्याच्या विद्यार्थ्यांना पॅकेज उत्तर का देते आणि का देत नाही हे दोन्ही कळते, आणि या व्यवसायात त्याच ज्ञानाची खरी किंमत आहे.

इलेक्ट्रिकलच्या मोठ्या व्होल्टेजच्या बाजूलाही हेच गणित वेगळ्या प्रमाणावर वापरतात. हर्मन डॉमेल यांनी १९६९ मध्ये मांडलेल्या पद्धतीतून ईएमटीपी हा प्रोग्रॅम निघाला. तारांमधून धावणाऱ्या लाटा, विजेचा आघात, ब्रेकर उघडताना उसळणारे व्होल्टेज हे त्याचे विषय. चंद्रपूर ते पडघा ही १९९९ मध्ये सुरू झालेली, ५०० किलोव्होल्टची आणि १५०० मेगावॉट वाहून नेणारी डीसी लाइन किंवा छत्तीसगडमधल्या चांपाहून हरियाणात कुरुक्षेत्रापर्यंत आलेली ८०० किलोव्होल्टची लाइन, अशा प्रकल्पांत कन्व्हर्टर स्टेशनचे कंट्रोल आधी सिम्युलेटरवर तपासल्याशिवाय प्रत्यक्ष लाइनला जोडत नाहीत.

डिजिटल चिपच्या बाबतीत सर्किट सिम्युलेशन एका मर्यादेला पोचते. कोट्यवधी ट्रान्झिस्टर स्पाइसच्या अचूकतेने एकत्र सोडवता येत नाहीत. म्हणून लहान लहान गेट स्पाइसने नीट मोजून त्यांच्या विलंबाचे तक्ते करतात आणि पूर्ण चिपचा वेग त्या तक्त्यांवरून काढतात. आयआयटी मुंबईचे १९८७ चे बीटेक आणि आता मिनेसोटा विद्यापीठात प्राध्यापक असलेले सचिन सापटणेकर यांची कारकीर्द या पुढच्या प्रदेशातली. पाटील यांच्याप्रमाणे त्यांनीही १९९२ मध्ये इलिनॉयमधूनच पीएचडी केली. चिपचा वेग राखून ट्रान्झिस्टर किती लहान ठेवता येतील, हा प्रश्न कॉन्व्हेक्स ऑप्टिमायझेशनच्या चौकटीत बसवून त्याचे अचूक उत्तर काढणारा त्यांचा आणि सहकाऱ्यांचा १९९३ चा निबंध या विषयात प्रसिद्ध आहे.

भारतात या क्षेत्रातल्या नोकऱ्यांचे दार १९८५ मध्ये उघडले. त्या वर्षी टेक्सास इन्स्ट्रुमेंट्सने बंगळुरूला केंद्र काढले, आणि तिथले सुरुवातीचे कामच चिप डिझाइनच्या सॉफ्टवेअरचे होते. पुढे केडन्स नोएडाला आली. आज सिनॉप्सिस, सीमेन्स ईडीए आणि केडन्स यांची मोठी विकासकेंद्रे भारतात आहेत. चंदीगड-मोहालीच्या पदवीधरांना नोएडा सर्वांत जवळचे, तर महाराष्ट्रातल्या मुलांना बंगळुरू, हैदराबाद आणि काही प्रमाणात पुणे.

कामाचे प्रकार बरेच वेगळे असतात. सॉल्व्हर लिहिणाऱ्याला सी प्लस प्लस, लिनियर अल्जिब्रा आणि न्यूमेरिकल मेथड्स अंगवळणी असाव्या लागतात. त्याने केलेला प्रत्येक बदल जुन्या हजारो सर्किटांवर पुन्हा तपासला जातो. त्यात एक त्रास नेहमीचा आहे. संगणकातल्या दशांश आकड्यांची बेरीज कोणत्या क्रमाने झाली यावर तिचा शेवटचा अंक अवलंबून असतो. काम अनेक प्रोसेसरवर वाटले की क्रम बदलतो, अंक बदलतो, आणि मग तो फरक निरुपद्रवी आहे की खरी चूक, हे कोणाला तरी बसून शोधावे लागते. अ‍ॅप्लिकेशन इंजिनिअर ग्राहकाच्या बाजूला असतो. ग्राहकाचे पूर्ण सर्किट गुप्त असते, ते कंपनीबाहेर येत नाही. म्हणून अडलेला भाग पाच-दहा घटकांपर्यंत आटवून, तरीही तीच चूक दाखवणारे सर्किट तयार करणे, ही त्याची कसोटी. मॉडेलिंगवाले फॅबच्या जवळ असतात. चिप कंपन्यांतले सीएडी इंजिनिअर ही सगळी साधने एकमेकांशी जुळवून डिझाइनरच्या हाती देतात. आणि सर्वांत मोठा वर्ग डिझाइनरांचा, जे सिम्युलेटर लिहीत नाहीत पण दिवसभर त्याच्याशीच बोलत असतात. या वाटांवर सहसा इलेक्ट्रिकल किंवा इलेक्ट्रॉनिक्सची पदवी लागते. सॉल्व्हर आणि मॉडेलिंगच्या कामांत बहुधा एमटेक किंवा पीएचडीची माणसे दिसतात.

शिकण्याची साधने आता महाग राहिलेली नाहीत. आयआयटी मुंबईतल्या फॉसी प्रकल्पाने केंद्रीय शिक्षण मंत्रालयाच्या पाठबळावर ईसिम हे मोफत आणि खुले पॅकेज तयार केले आहे. त्यात सर्किट काढायला किकॅड आणि ते सोडवायला एनजीस्पाइस एकत्र जोडले आहेत. एनजीस्पाइसचा सोर्स कोड कोणालाही वाचता येतो, आणि डायोडच्या व्होल्टेजला घातलेला तो लगाम कोणत्या ओळीत आहे हे शोधून पाहणे हा उत्तम अभ्यास आहे. केंद्र सरकारच्या चिप्स टू स्टार्टअप योजनेत बंगळुरूच्या सीडॅकमधल्या चिपइन केंद्रातून महाविद्यालयांना व्यापारी साधने दुरून वापरता येतात. विद्यार्थ्यांची डिझाइन मोहालीत १८० नॅनोमीटरच्या लाइनवर बनवली जातात. चिप परत आली की विद्यार्थी ती बोर्डावर बसवतात, सप्लाय देतात, आणि मोजलेला आलेख सिम्युलेशनच्या आलेखाशेजारी ठेवतात. दोन्हींत फरक पडला तर शोध तीन ठिकाणी घ्यावा लागतो: मॉडेलमध्ये, लेआउटमधून काढलेल्या भटक्या कपॅसिटन्समध्ये आणि मोजमापाच्या जोडणीत.